पेन्शन अडली? आधी पेन खिशात ठेवा

आस्थापना शाखेत सव्वीस वर्षं गेली. आता मीही निवृत्त, पण ओळखीपाळखीचे लोक पेन्शनच्या फायली घेऊन बोरिवलीला घरी येतातच. चहा येईपर्यंत कळतं, यांनी कुठे माती खाल्लीय ते. बहुतेक वेळा एकाच जागी: वसुलीच्या संमतिपत्रावर.

आमच्याच कार्यालयातला एक वरिष्ठ लिपिक, गट क. निवृत्तीला चार महिने असताना वेतन पडताळणी पथकाकडून सेवापुस्तक आक्षेपासह परत आलं. अकरा वर्षांपूर्वीच्या वेतननिश्चितीत एक वेतनवाढ जादा दिलेली, वसुली २ लाख २८ हजार. टेबलावरचा पोरगा म्हणाला, "काका, इथे सही करा, उद्याच केस एजीला पाठवतो." एजी म्हणजे पेन्शन मंजूर करणारं महालेखापाल कार्यालय. काकांनी केली. मला फोन आला तो सहीनंतर, चर्चगेटच्या प्लॅटफॉर्मवरून.

खरं तर बाजू त्याचीच होती. रफीक मसीह प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये सांगून ठेवलंय की चूक कर्मचाऱ्याची नसेल तर वर्ग तीन-चारकडून (म्हणजे आताच्या गट क-डकडून), निवृत्तांकडून, वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, किंवा जादा रक्कम पाच वर्षांहून जास्त काळ दिली गेली असेल तर वसुली नको. याला तर यातलं बरंच काही लागू होतं. पण २०१६ च्या जगदेव सिंग निकालात, जादा रक्कम परत करीन अशी लेखी हमी देणाऱ्या अधिकाऱ्याकडून वसुली योग्य ठरली. ती हमी वेतननिश्चितीच्या वेळची होती, निवृत्तीच्या दारात अडवून घेतलेली नव्हे. पण हा फरक आता मॅटपुढे, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणापुढे, पटवत बसावा लागतोय. सहीच्या दुसऱ्याच दिवशी त्याने संमती मागे घेतल्याचं पत्र दिलं, पोचेवर आवक क्रमांक आणि शिक्का घेतला. तेवढं तरी हातात आहे. पेन्शन एक दिवस लवकर यावी म्हणून सही करणाऱ्यांची मला कीव येते आणि रागही.

उलट, मसीहचं नाव ऐकून उड्या मारणारेही भेटतात. वसुली थांबते, चुकीचा पगार कायम राहत नाही. पेन्शन दुरुस्त पगारावरच बसणार.

दुसरी चूक चौकशीबाबत. कारणे दाखवा नोटीस आली की माणूस ग्रॅच्युइटी गेली म्हणून हातपाय गाळतो. अहो, नोटीस म्हणजे चौकशी नव्हे. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधला नियम २७ काढून वाचा. दोषारोपपत्र बजावलं, किंवा त्याआधी निलंबन झालं असेल तर त्या दिवसापासून, चौकशी सुरू झाली असं धरतात. निवृत्तीनंतर नव्याने चौकशी लावायची तर शासनाची मंजुरी हवी, आणि घटना चार वर्षांपेक्षा जुनी नको. म्हणून मी फाइल उघडण्याआधी कोऱ्या कागदावर तीन तारखा लिहितो: घटना, दोषारोपपत्र, निवृत्ती. अर्धी फाइल तिथेच सुटते. पेन्शनमध्ये कायमची कपात करायची तर चौकशीत किंवा कोर्टात गंभीर गैरवर्तन वा निष्काळजीपणा सिद्ध व्हायला लागतो. "साहेबांनी थांबवायला सांगितलंय" हा कुठलाच नियम नाही.

मात्र व्हॉट्सॲपवर फिरणारा, झारखंडच्या प्रकरणातला सर्वोच्च न्यायालयाचा २०१३ चा निकाल नाचवत कार्यालयात जाऊ नका. नियमाचा आधार नसताना, नुसत्या परिपत्रकावर पेन्शन किंवा ग्रॅच्युइटी अडवता येत नाही, असं तो सांगतो. आपल्याकडे आधार आहे, नियम १३०. निवृत्तीच्या दिवशी चौकशी चालू असेल तर तात्पुरती पेन्शन मिळते, पण ग्रॅच्युइटी अंतिम आदेशापर्यंत थांबते. निकाल पूर्ण वाचायचा कंटाळा असेल तर निदान नियम तरी वाचा.

उरलेलं थोडक्यात. तोंडी उत्तर घेऊन परतू नका. कुठल्या नियमाखाली अडवलं ते लेखी मागा. ग्रॅच्युइटी प्रशासनाच्या ढिलाईमुळे रखडली असेल तर नियम १२९-अ खाली व्याज मागा, मागितल्याशिवाय कोणी देत नाही.

आणि स्मरणपत्रांवर स्मरणपत्रं पाठवत वर्ष घालवू नका. अंतिम आदेशापासून एक वर्षात मॅटमध्ये जायचं असतं. निवेदनाला सहा महिने उत्तर आलं नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. स्मरणपत्राने मुदत वाढत नाही. मागच्या महिन्यात एक बाई एकोणीस स्मरणपत्रांच्या पोचा पिनेला लावून, तारखेप्रमाणे लावून घेऊन आल्या. पहिली पोच चार वर्षांपूर्वीची होती. आता आधी विलंबमाफीचा अर्ज लिहायला बसलोय.