बेळगावात घर घेताय? आधी कर्जाची मुदत मोजा

चंदगड, गडहिंग्लज, आजरा किंवा सावंतवाडीकडून नोकरीसाठी बेळगावात येणाऱ्यांचा क्रम बहुतेक ठरलेला असतो. आधी वडगाव, अनगोळ नाहीतर भाग्यनगरात भाड्याची जागा, मग मुलांच्या शाळेची धावपळ. जरा बस्तान बसलं की घरात विषय निघतोच: दर महिन्याला भाडं घालवण्यापेक्षा हप्ता भरू, निदान घर तरी आपलं होईल. मीही उद्यमबागेतल्या, म्हणजे इथल्या औद्योगिक वसाहतीतल्या, नोकरीसाठी कोल्हापूरकडून इकडे आलो आणि इथलाच झालो. आता ओळखीपाळखीतली मंडळी घर घेताना कागद दाखवायला माझ्याकडे येतात. व्याज किती टक्के पडतं, हे प्रत्येकाला तोंडपाठ असतं. शेवटपर्यंत एकूण किती रुपये जाणार, हे विचारलं की मात्र नवरा-बायको एकमेकांकडे बघतात.

म्हणून आधी तेच मांडतो. समजा घर ४० लाखांचं आहे. १० लाख तुमचे, ३० लाख बँकेचे, व्याज ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता बसतो साधारण २६,०३५ रुपये. असे २४० हप्ते म्हणजे जवळजवळ ६२ लाख ४८ हजार. घेतले ३० लाख, त्यावर व्याज साडेबत्तीस लाख. म्हणजे ४० लाखांचं घर तुम्हाला साडेबहात्तर लाखांना पडलं, आणि यात नोंदणीचा खर्च अजून धरलेलाच नाही.

हप्ता जड वाटतो म्हणून बरेचजण मुदत वाढवून घेतात. तेच ३० लाख ३० वर्षांसाठी घेतले तर हप्ता २३,०६७ वर येतो. महिन्याला तीन हजारही वाचत नाहीत, आणि व्याज जातं ५३ लाखांवर. उलट १५ वर्षांत फेडायचं ठरवलं तर हप्ता २९,५४२ होतो, पण व्याज सव्वातेवीस लाखांच्या आत राहतं. बँकेत गेल्यावर बोलणं नेहमी टक्क्यांवर होतं. पाव टक्का कमी मिळावा म्हणून माणसं चार बँका फिरतात आणि मुदतीच्या रकान्यात मात्र समोरचा सांगेल तो आकडा लिहून मोकळी होतात. खरा पैसा त्या रकान्यात जातो.

आता त्याच २० वर्षांच्या कर्जाचं परतफेडीचं वेळापत्रक घ्या आणि त्याच्या पहिल्या ओळीवर बोट ठेवा. हप्ता २६,०३५. त्यात व्याज २१,२५० आणि मुद्दल ४,७८५. व्याज शिल्लक रकमेवर लागतं, आणि सुरुवातीला शिल्लक सगळ्यात मोठी असते, म्हणून असं होतं. यात बँकेची काही लबाडी नाही, हिशोबच तसा आहे. बोट खाली खाली नेत राहा. हप्त्यातलं मुद्दल व्याजापेक्षा जास्त व्हायला बाराव्या वर्षाच्या शेवटापर्यंत यावं लागतं. दहा वर्षं एकही हप्ता न चुकवता भरलात तरी ३० लाखांपैकी २१ लाख डोक्यावर असतातच. अर्धी मुदत संपली म्हणजे अर्धं कर्ज फिटलं, असं धरून पुढचे बेत आखणारी माणसं मी पाहिली आहेत. मुलीचं लग्न, मुलाचं इंजिनिअरिंग असे खर्च नेमके त्याच सुमाराला येतात.

हे वेळापत्रक मागून घ्यायचा तुम्हाला हक्क आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे प्रत्येक किरकोळ कर्जाबरोबर मुख्य तथ्य पत्रक द्यावंच लागतं. व्याज, प्रक्रिया शुल्क, विमा असा सगळा खर्च धरून वर्षाला खरा दर किती पडतो तो त्यात लिहिलेला असतो, आणि हप्त्यांचं वेळापत्रकही असतं. पत्रकात न दाखवलेला आकार तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय नंतर लावता येत नाही. शिवाय हे पत्रक कर्जदाराला समजेल अशा भाषेत असायला हवं. इथे कागद बहुधा कन्नड किंवा इंग्रजीत पुढे येतात. मराठीत द्या म्हणून सरळ मागा. संकोच करू नका आणि आवाजही चढवू नका, मागणी नियमातलीच आहे.

बाहेरून आलेल्यांनी यापुढचा हिशोब जरा थांबून वाचावा. इथे टिकणार किती वर्षं, हे आपल्यापैकी अनेकांना पहिल्या वर्षी ठाऊक नसतं. कारखान्यातल्या ऑर्डरी कमी होतात, पुण्याहून किंवा गोव्याहून चांगली नोकरी येते, गावाकडे आई-वडील थकतात. समजा पाच वर्षांनी घर विकून जायची वेळ आली. तोवर तुम्ही १५ लाख ६२ हजार भरलेले असतात आणि कर्ज उतरलेलं असतं फक्त साडेतीन लाखांच्या आसपास. बाकीचे १२ लाख व्याज. त्यात खरेदीच्या वेळचा नोंदणीचा तीन लाखांचा खर्च मिळवा, झाले १५ लाख. तेवढ्या काळात भाडं म्हणून सहा लाख गेले असते असं धरलं, तरी ४० लाखांचं घर निदान ४९ लाखांना विकलं जायला हवं, तेव्हा कुठे बरोबरी. आणि तुमच्या १० लाखांवर ठेवीत जे व्याज मिळालं असतं ते यात मी धरलंच नाही. म्हणून भाड्याची तुलना हप्त्याशी करू नका, हप्त्यातल्या व्याजाशी करा. भाडं जसं गेलं ते गेलं, तसं व्याजही गेलेलंच असतं.

माझं मत विचाराल तर पहिली दोन वर्षं भाड्यानेच राहावं. एक पावसाळा पुरता बघावा. बेळगावचा पाऊस कोणत्या गल्लीत गुडघाभर साचतो आणि कोणत्या इमारतीच्या भिंती ओल धरतात, हे एप्रिलमध्ये घर बघून कळत नाही. गच्चीवर पत्रा घालणं, वॉटरप्रूफिंग, दर काही वर्षांनी रंग, दरवर्षीची घरपट्टी हे सगळं घरमालकाच्या खिशातून जातं आणि हप्त्याच्या हिशोबात कुणी धरत नाही.

नोंदणीच्या खर्चात महाराष्ट्रातून आलेले हमखास फसतात, कारण डोक्यात तिकडचे नियम असतात. तिकडे ३० लाखांवरच्या घराला नोंदणी फी ३० हजारांवर थांबते. कर्नाटकात ती थांबत नाही, घराच्या किमतीच्या प्रमाणात चढत जाते, आणि ३१ ऑगस्ट २०२५ पासून ती १ टक्क्यावरून २ टक्के झाली आहे. मुद्रांक शुल्क सर्वसाधारणपणे ५ टक्के, त्यावर उपकर आणि अधिभार धरून शहरात ५.६ टक्के. ४० लाखांच्या घराला दोन्ही मिळून तीन लाखांच्या वर जातात. बँक कर्ज ठरवताना हा खर्च घराच्या किमतीत धरत नाही. ३० लाखांपर्यंतच्या कर्जाला घराच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत आणि त्यावर ७५ लाखांपर्यंत ८० टक्क्यांपर्यंतच कर्ज देता येतं. तेव्हा हे तीन लाख रोख हाताशी हवेत. ते नसले की माणूस सोनं ठेवतो किंवा वैयक्तिक कर्ज काढतो, आणि गृहकर्जाच्या डोक्यावर दुसरा महाग हप्ता सुरू होतो.

कागदांचं थोडक्यात सांगतो, कारण व्याजाचा दर शेवटी कागदांवर ठरतो. शहरात ई-आस्ती या सरकारी ऑनलाइन नोंदीतलं ई-खाते, म्हणजे मालमत्तेचा उतारा, ग्रामपंचायतीच्या हद्दीत तशाच ई-स्वत्तू नोंदीतले नमुना ९ आणि ११, जमीन बिगरशेती झाल्याचा हुकूम, लेआउटला बुडाची (बेळगाव नगरविकास प्राधिकरणाची) मंजुरी आणि मालमत्तेवर कुणाचं कर्ज आहे का ते दाखवणारा बोजा दाखला, ज्याला इथे सगळे ईसी म्हणतात. कंग्राळी, हिंडलगा, मच्छे, पिरनवाडी या बाजूंना शहर झपाट्याने वाढलंय. तिथे चांगले मंजूर लेआउट आहेत, आणि शेतजमिनीचे तुकडे करून स्टॅम्पपेपरवर विकलेले प्लॉटही आहेत. असा प्लॉट स्वस्त दिसतो, पण बँक त्यावर कर्ज देत नाही. मग माणूस पतसंस्थेकडे वळतो. समजा बँकेने २० लाख १५ वर्षांसाठी ८.५ टक्क्यांनी दिले असते, तर एकूण फेड साडेपस्तीस लाखांची. तेच १३ टक्क्यांनी घेतले तर साडेपंचेचाळीस लाख. प्लॉटमध्ये वाचवलेले दोन-तीन लाख कुठल्या कुठे जातात. शिवाय पतसंस्था रिझर्व्ह बँकेच्या देखरेखीखाली नसतात, त्यामुळे इथे सांगितलेले बँकांचे नियम तिथे आपोआप लागू होत नाहीत. खरेदीखत कन्नडमध्ये असेल तर ते ओळ न् ओळ वाचून अर्थ सांगणारा वकील आपला स्वतःचा असावा, विकणाऱ्याने आणलेला नको.

व्याजदर बदलता असेल तर आणखी एका गोष्टीवर डोळा ठेवा. रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते तो रेपो दर मे २०२२ च्या सुरुवातीला ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये तो साडेसहा झाला. रेपोशी जोडलेली गृहकर्जं त्याच्या मागोमाग चढली. पुष्कळांचा हप्ता मात्र तेवढाच राहिला, म्हणून त्यांना वाटलं काहीच झालं नाही. वाढली होती ती मुदत. आपल्याच उदाहरणात दर एका टक्क्याने चढला आणि हप्ता २६,०३५ वरच ठेवला, तर २४० चे सुमारे ३०९ हप्ते होतात. पावणेसहा वर्षं वाढली आणि फोनवर एक संदेश आला, तोही कुणी उघडून बघितला नाही. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडायची संधी कर्जदाराला द्यावी. ती संधी घ्या. झेपत असेल तर हप्ता वाढवा. आणि दर उतरेल, जसा तो २०२५ मध्ये उतरू लागला, तेव्हा हप्ता कमी करून घेऊ नका, आहे तोच ठेवा, म्हणजे मुदत कमी होईल.

कर्ज मंजूर होताना विम्याचा कागद पुढे येतो. घरात कमावतं माणूस एकच असेल तर विमा हवाच, त्यात दुमत नाही. पण बँक सांगेल तोच घ्यायची सक्ती नसते. एकरकमी हप्त्याचा विमा कर्जातच मिळवला, तर १ लाख २० हजारांचा विमा २० वर्षांत अडीच लाखांना पडतो. साधा टर्म विमा बाहेरून घेऊन बघा आणि दोन्हींची तुलना करा.

करसवलतीच्या भरवशावर मोठं कर्ज काढायला सांगणारेही भेटतात. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावरची दोन लाखांपर्यंतची वजावट जुन्या करपद्धतीत आहे. नव्या पद्धतीत ती मिळत नाही, आणि आता आपोआप लागू होते ती नवीच. सवलत धरली तरी ती भरलेल्या व्याजाच्या एका हिश्शापुरतीच असते.

एवढं सगळं वाचून कर्ज घेऊच नये असं कुणाला वाटेल. तसं माझं म्हणणं नाही. पगार वाढत जातो, २६ हजारांचा हप्ता पंधराव्या वर्षी पहिल्या वर्षाइतका जड वाटत नाही, आणि इथेच राहायचं ठरलं असेल तर स्वतःचं घर असण्याचं समाधान मोठं आहे. फक्त पहिल्या पाच-सात वर्षांत जमेल तेवढं मुद्दल तोडा. बदलत्या दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराला मुदतीआधी रक्कम भरल्याबद्दल दंड लावता येत नाही. पहिल्या वर्षाच्या शेवटी एक लाख जास्तीचे भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे सुमारे १८ हप्ते गळतात, म्हणजे ४ लाख ७० हजार. तेच एक लाख दहाव्या वर्षाच्या शेवटी भरले तर नऊ हप्तेही गळत नाहीत. दिवाळीचा बोनस, भिशीची रक्कम, पिग्मीचे साठलेले पैसे, गावाकडच्या काजूचे आलेले चार पैसे, जे हाती येईल ते. दरवर्षी फक्त एक हप्ता जास्त भरला तरी २० वर्षांचं कर्ज १६ वर्षं ८ महिन्यांत फिटतं आणि सहा लाखांवर व्याज वाचतं. जास्तीची रक्कम भरताना अर्जावर स्पष्ट लिहा: मुदत कमी करा, हप्ता तोच ठेवा. आणि नवीन वेळापत्रक घेतल्याशिवाय काउंटर सोडू नका. घरात आणीबाणीसाठी सहा महिन्यांच्या हप्त्याएवढी शिल्लक मात्र बाजूला असू द्या, तिला हात लावू नका.

कर्ज फिटल्यावर दोन कामं उरतात. बँकेने मूळ कागद ३० दिवसांत परत द्यायचे असतात. तिच्याकडून उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. कागद घेताना कर्ज घेतानाच्या यादीशी एकेक पान ताडून पाहा. मग उपनिबंधक कार्यालयात गहाण सोडल्याची नोंद करून घ्या आणि काही दिवसांनी नवीन ईसी काढा. त्यात बँकेचा बोजा अजून दिसत असेल तर तो काढल्याशिवाय फाइल कपाटात ठेवू नका. पुढे घर विकताना किंवा मुलांच्या नावावर करताना तीच एक ओळ आडवी येते.