राजा भोज, पन्हाळा आणि कॉपी-पेस्ट : राजघराण्यांवरचे विकिपीडिया लेख कसे तपासायचे

शिलाहार, यादव, बहमनी असल्या घराण्यांवरचे मराठी विकिपीडियावरचे लेख एका हाताने लिहिलेले नसतात. कुणीतरी चार ओळी टाकतो, दुसरा वंशावळ जोडतो, तिसरा आपल्या गावच्या देवळाची माहिती घालतो, आणि मग एक दिवस कुणीतरी पुस्तकातली अख्खी तीन पानं आणून ओततो. शाळेतली पोरं प्रोजेक्टसाठी, पन्हाळ्यावरचे गाईड, व्हिडिओवाले, सगळे तिथूनच उचलतात, त्यामुळे तिथं एक चूक पडली की ती जिल्हाभर फिरते. म्हणून तपासणी करणारी माणसं हवीत, आणि कोल्हापूरकरांनी तर ती करायलाच हवी, कारण यातले कितीतरी पुरावे आपल्या हाताशी आहेत.

सुरुवात लेखापासून करू नका, लेखाच्या इतिहासापासून करा. वर 'इतिहास' असा टॅब असतो, तो उघडला की कुणी कधी किती मजकूर घातला ते बाइटमध्ये दिसतं. शे-दोनशे बाइटचे बदल सहसा साधे असतात, कुणी शुद्धलेखन केलेलं असतं, कुणी चित्र टाकलेलं. पण एकाच फटक्यात दहा-पंधरा हजार बाइट आलेत, आणि तेही अशा खात्यावरून ज्याने आधी काही लिहिलं नव्हतं आणि नंतरही नाही, तर तिथं थांबा. त्या बदलाचा 'फरक' उघडा आणि तेवढाच मजकूर सलग वाचा. माणूस स्वतः लिहितो तेव्हा तुकड्यातुकड्याने लिहितो, मध्ये चुका करतो, परत येऊन दुरुस्त करतो, आयता मजकूर मात्र एकदम गुळगुळीत येऊन पडतो.

वाचताना कान उघडे ठेवा. लेखाची भाषा साधी चाललीय आणि मध्येच 'सदर नृपतीच्या कारकीर्दीत' असं सुरू झालं, 'मागील प्रकरणात पाहिल्याप्रमाणे' असं आलं, जिथं आकृतीच नाही तिथं 'आकृती ४ पहा' आलं, तर ते पुस्तकातूनच आलंय. स्कॅन करून घेतलेल्या मजकुरात घ चा ध होतो, रफार गायब होतो, ओळ जिथं तुटली होती तिथं शब्द तुटलेला राहतो. आणि 'तो त्याच्या मुलाद्वारे यशस्वी झाला' असलं वाक्य दिसलं की समजायचं हा मशीनने केलेला अनुवाद आहे, इंग्रजी लेखात 'त्याच्यामागून मुलगा गादीवर आला' एवढंच होतं. इंग्रजी विकिपीडियावरून अनुवाद करायला मनाई नाही बरं का, लायसन परवानगी देतं, पण कुठल्या लेखावरून केला ते संपादनाच्या सारांशात लिहावं लागतं. ते लिहिलेलं नसेल तर तेवढी नोंद तुम्ही चर्चा पानावर करून टाका, मजकूर उडवायची गरज नाही.

आता शोध. संशय आलेल्या परिच्छेदातलं एक वाक्य घ्या, त्यातले सलग सात-आठ शब्द अवतरणचिन्हात टाकून गुगल करा. वाक्य निवडताना विशेषणांचं निवडा. सनावळीचं घेऊ नका, कारण 'भोज दुसरा हा शिलाहार राजा होता' हे शंभर ठिकाणी सारखंच असणार, त्यात चोरी कसली. अर्विगचं कॉपीव्हायो डिटेक्टर म्हणून टूल आहे, ते लेख आणि वेबपेज शेजारी ठेवून सारखे शब्द रंगवून दाखवतं, जरूर वापरा, पण मराठीत त्याच्या भरवशावर राहू नका. एकतर आपल्याकडची बरीच पुस्तकं नेटवर नुसत्या फोटोसारख्या स्कॅनमध्ये आहेत, जुन्या साइट्स युनिकोडच्या आधीच्या फॉन्टमध्ये, ते सर्चला सापडतच नाही. वर राजांच्या नावांची तऱ्हा, गंडरादित्य कुठे गंडारादित्य होतो, सिंघणचा सिंहण होतो, भोज दुसरा कुठे द्वितीय भोज असतो, म्हणून सगळी रूपं टाकून बघायची. टूलने शून्य टक्के दाखवलं म्हणजे लेख स्वच्छ आहे असं धरू नका.

आणि सापडलंच कुठे जसंच्या तसं, तर आधी कुणाचं आहे ते ठरवा. कितीतरी ब्लॉग आणि न्यूज पोर्टल विकिपीडियाचंच उचलून स्वतःच्या नावावर छापतात. लेखात ते वाक्य कधी आलं ती तारीख इतिहासातून काढा, त्या वेबपेजची जुनी प्रत वेबॅक मशीन या जुनी पानं साठवणाऱ्या साइटवर बघा, आणि जे आधी ते मूळ. अजून एक खूण आहे, विकिपीडियावर ते वाक्य तीन-चार जणांच्या हातून हळूहळू घडलेलं दिसत असेल आणि ब्लॉगवर तयार शेवटचं रूप असेल तर ब्लॉगने घेतलंय. हे न बघता एखाद्या चांगल्या लिहिणाऱ्यावर चोरीचा आरोप केला तर तो माणूस परत फिरकत नाही, आणि मराठीत लिहिणारे आधीच मोजके आहेत.

कॉपीराइटचं थोडक्यात सांगतो. भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क राहतो, सरकारी प्रकाशनाला प्रकाशनापासून ६० वर्षं. म्हणजे शिलालेखांचे अभ्यासक फ्लीट १९१७ मध्ये गेले, रा. गो. भांडारकर १९२५ मध्ये, ज्ञानकोशकार केतकर १९३७ मध्ये, यांचं लिखाण मोकळं आहे, १८८६ चं कोल्हापूर गॅझेटियरही मोकळं. पण संशोधक वा. वि. मिराशींनी संपादित केलेला शिलाहारांच्या कोरीव लेखांचा खंड पुरातत्त्व खात्याने १९७७ ला काढलाय, त्यातले अनुवाद, टिपा उचलता येत नाहीत. ताम्रपटातली माहिती कुणाच्या मालकीची नाही, ती तुम्ही तुमच्या शब्दांत लिहा आणि खाली खंडाचं नाव, पान क्रमांक द्या. आणि मोकळं आहे म्हणून केतकरांचा परिच्छेद नाव न घेता चिकटवला तर कायदा मोडत नाही, पण वाङ्मयचौर्य ते आहेच.

खरं काम संदर्भ तपासण्याचं आहे, आणि इथं घाई करू नका. वाक्यापुढे निळा आकडा आहे म्हणजे पुरावा आहे असं कुणी समजू नये. तो आकडा उघडायचा, पुस्तक काढायचं, ते पान वाचायचं आणि बघायचं की लेखातलं वाक्य त्या पानावर खरंच आहे का. भोज दुसरा घेऊ, म्हणजे पन्हाळ्याचा शिलाहार राजा. लेखात असतं की देवगिरीचा यादव राजा सिंघण याने पन्हाळा घेतला आणि भोजाला कैद केलं. संदर्भ म्हणून सिंघणाचं बिरुद दिलेलं असतं, ज्यात तो पन्हाळ्यावर राहणाऱ्या भोजरूपी सापाला पळवून लावणारा गरुड आहे असं म्हटलंय. नीट वाचा, त्यात पळवून लावलं एवढंच आहे, कैदेचं काही नाही. म्हणजे पराभवाला हा संदर्भ चालेल, कैदेला वेगळा द्यावा लागेल. एका वाक्यात दोन दावे आणि आकडा एकाच दाव्याचा, हा प्रकार राजघराण्यांच्या लेखात फार आढळतो. शिवाय बिरुद हे दरबारी कवीने धन्याच्या कौतुकात रचलेलं असतं, तेव्हा त्याआधी 'यादवांच्या कोरीव लेखानुसार' असं घालायलाच पाहिजे.

शिलाहारांच्या बाजूनेही तेच. घराण्याचं मूळ जीमूतवाहन या कथेतल्या विद्याधरापर्यंत नेलेलं असतं, ते 'शिलाहार स्वतःला असं म्हणवत' म्हणून लिहायचं. सरसकट 'सम्राट' लिहिलेलं दिसलं तरी संदर्भ मागा, कारण बहुतेक कोरीव लेखांत हे राजे महामंडलेश्वर आहेत, म्हणजे मोठ्या सत्तेचे मांडलिक. भोज दुसऱ्याचं प्रकरण थोडं वेगळं आहे, सोमदेवाने शक ११२७ मध्ये आपल्या आजऱ्यात लिहिलेल्या शब्दार्णवचंद्रिका या व्याकरणग्रंथात त्याला मोठमोठ्या सार्वभौम पदव्या लावल्यात. तर मग कुठल्या ग्रंथात, कुठल्या साली, ते लेखात आलं पाहिजे, नुसतं सम्राट नको.

भोज नावाचा तर वेगळाच घोळ. धारचा परमार भोज अकराव्या शतकातला, आपल्या शिलाहारांत परत दोन भोज, आणि 'कहाँ राजा भोज, कहाँ गंगू तेली' ही म्हण कुणी धारला नेतो, कुणी पन्हाळ्याला आणतो. आपला पन्हाळा म्हणून मलाही ते आवडलं असतं, पण म्हणीचा इतिहास सांगणारा भक्कम आधार मिळेपर्यंत ती लेखात ठाम विधान म्हणून राहू नये. भोजाने पंधरा किल्ले बांधले, हे वाक्य दहा साइटवर दिसेल, पण दहा साइट म्हणजे दहा पुरावे नव्हेत, सगळ्यांनी एकाच ठिकाणाहून घेतलेलं असतं. जुन्या पुस्तकात गोष्ट 'परंपरेने सांगतात' अशी येते, आणि पुढं जाता जाता ते दोन शब्द गळून पडतात. ते परत जागेवर बसवणं हेसुद्धा मोठं काम आहे.

सनावळीला स्वतंत्र वेळ द्या. शकात ७८ मिळवले की इसवी सन, आणि वर्षाच्या शेवटच्या महिन्यांत ७९. शिलाहार राजा विजयादित्याचा कोल्हापूरचा शिलालेख शक १०६५ चा, म्हणजे ११४३, कागलजवळच्या बामणीचा शक १०७३ चा, म्हणजे ११५१ च्या आसपास. विकिपीडियाच्या लेखात 'सन १०७३' असं छापलेलं दिसलं की कुणीतरी शक तसाच उचललाय. काही शिलालेखांत चालू वर्ष धरतात, काहींत सरलेलं, त्यामुळे एका वर्षाचा फरक पडतो, तेव्हा संवत्सराच्या नावाशी ताडून बघायचं. शिरोळ तालुक्यातल्या खिद्रापूरला कोपेश्वर मंदिराच्या दक्षिण दरवाजाजवळ सिंघणाचा शक ११३६ चा शिलालेख आहे, तो १२१३-१४ चा धरतात. म्हणजे तोवर कृष्णाकाठ यादवांकडे गेला होता, आणि भोजाची अखेर १२१२ च्या सुमारास का लावतात ते यावरून कळतं. शिरोळकडे गेलात तर लेख डोळ्यांनी जरूर बघा, पण स्वतः काढलेला फोटो आणि स्वतः लावलेला अर्थ विकिपीडियावर संदर्भ म्हणून चालत नाही, छापील वाचन लागतं.

ते छापील कुठं मिळेल तर करवीर नगर वाचन मंदिर, १८५० पासूनचं ग्रंथालय आहे, आणि विद्यापीठात बॅरिस्टर खर्डेकर ग्रंथालय. जाताना लेखाची प्रिंट काढून न्या, प्रत्येक आकड्याशेजारी पान सापडलं की टिक करा, नाही सापडलं तर फुली. कोरीव लेख छापणाऱ्या एपिग्राफिया इंडिकाचा तिसरा खंड मागा, त्यात कीलहॉर्न या अभ्यासकाने कोल्हापूरचे आणि बामणीचा शिलालेख छापलेत. गॅझेटियर घरबसल्या इंटरनेट आर्काइव्हवर वाचता येतं.

सगळं झालं की कारवाई. आधार नाही पण खरं असू शकेल तिथं 'संदर्भ हवा' हा साचा, म्हणजे विकिपीडियावरची तयार खूण, लावा. जसंच्या तसं उचललेलं असेल तर मजकूर काढा, सारांशात मूळ पुस्तक आणि पान लिहा, आणि जुन्या आवृत्त्यांतूनही तो लपवायचा असेल तर प्रचालकांना, म्हणजे विकिपीडियाच्या अ‍ॅडमिनना, सांगा. चार शब्द इकडचे तिकडे करून ठेवू नका, वाक्याची चाल तीच राहिली तर चोरीही तीच राहते. दोन-तीन पुस्तकं वाचून, ती मिटून, मगच स्वतःच्या भाषेत लिहायला बसा. ज्याने टाकलं होतं त्याच्या चर्चा पानावर नीट निरोप ठेवा, दादा-ताई म्हणून, नेमकी ओळ दाखवून. बरेच जण नवखे असतात, पुस्तकातलं छान वाटलं म्हणून टाकलेलं असतं, आणि त्यांच्याकडे ते पुस्तक घरात असतं, तेव्हा पान क्रमांक त्यांच्याकडूनच मागून घ्या.