समानार्थी शब्द घालून वाक्य पुन्हा लिहिताना

'अधोरेखित शब्दाऐवजी समानार्थी शब्द वापरून वाक्य पुन्हा लिहा' हा शाळेतला नेहमीचा प्रश्न. मुलांना शब्द पाठ असतो, तरी वाक्य चुकतं. कारण मराठीत एक शब्द बदलला की शेजारचे दोन-तीन शब्दही बदलावे लागतात, आणि नेमके तेच तसे राहून जातात.

आधी लिंग बघा. 'जुना रस्ता पावसात वाहून गेला.' रस्ता पुल्लिंगी, वाट स्त्रीलिंगी. म्हणून 'जुनी वाट पावसात वाहून गेली.' विशेषण बदललं, क्रियापदही बदललं. शरीर, देह, काया यांचा अर्थ एकच, पण लिंगं तीन: थकलेले शरीर, थकलेला देह, थकलेली काया. शंका आली तर शब्दकोश उघडा. शब्दापुढे पु., स्त्री. किंवा न. असं छापलेलं असतं.

सगळ्यात जास्त गुण जातात ते सामान्यरूपात, म्हणजे प्रत्यय लागण्याआधी शब्दाच्या रूपात होणाऱ्या बदलात. प्रत्यय लागलेला शब्द थेट बदलू नका. आधी प्रत्यय काढून मूळ शब्द लिहा, त्याच्या जागी नवा शब्द ठेवा, मग त्या नव्या शब्दाचं सामान्यरूप करून प्रत्यय लावा. 'नदीचे पाणी' मधून 'नदी' काढून 'सरिता' घेतली तर 'सरितेचे पाणी' होतं, 'सरिताचे' नाही. (मुलीचं नाव सरिता असेल तर 'सरिताचे दप्तर' बरोबर, विशेषनामांचं वेगळं.) तसंच 'आईला' चं 'मातेला'. 'फुलावर' मधून मूळ शब्द काढताना तो दीर्घ 'फूल' होतो, हेही ध्यानात असू द्या.

क्रियापद बदलायचं असेल तर कर्त्याकडे बघा. 'आजी म्हणाली' मध्ये आजीला प्रत्यय नाही. 'सांगितले' घेतलं की 'आजीने सांगितले' असं लिहावं लागतं. 'आजोबा वारले' मध्ये 'निधन' आणलं तर 'आजोबांचे निधन झाले.'

एवढं करूनही वाक्य कानाला खटकलं तर शब्दाची निवडच चुकलेली असते. यादीत रस्ता आणि वाट शेजारी असतात, पण वाट म्हणजे पायाखाली मळलेली. डांबरी रस्त्याची 'डांबरी वाट' होत नाही. मिरचीच्या झाडाला वृक्ष म्हणता येत नाही, रोप म्हणा. 'आईने डबा भरला' मध्ये 'मातेने' घातलं तर व्याकरण बिनचूक, पण असं कुणी बोलत नाही. घरगुती वाक्यात घरगुती शब्दच शोभतो. 'मातेचे ऋण' मध्ये 'माता' खुशाल वापरा. बदललेलं वाक्य एकदा मोठ्याने वाचलं की हा फरक लगेच कळतो.

वाक्प्रचारातला शब्द मात्र सुटा बदलू नका. 'अभ्यास करता करता त्याचा डोळा लागला' इथे नेत्र किंवा नयन घातलं तर अर्थच जातो. अख्खा वाक्प्रचार उचला आणि 'त्याला झोप लागली' असं लिहा. 'त्याचा' चं 'त्याला' करायला विसरू नका.