दर आणि एककांची गणितं: चूक नेमकी कुठे होते

वेग, नळ-टाकी, इंधन अशा गणितांत गुणाकार-भागाकार सहसा बरोबर असतो, गडबड होते ती एककांची. म्हणून कच्च्या कामातसुद्धा प्रत्येक संख्येपुढे तिचं एकक लिहा. नुसतं ‘५४’ लिहिलं की अर्धं गणित तिथेच हरवतं.

दर म्हणजे दोन वेगळ्या राशींचा भागाकार. ‘ताशी ५४ किमी’मध्ये अंशात किलोमीटर, छेदात तास. ‘ताशी’, ‘दर मिनिटाला’, ‘प्रति लीटर’ असे शब्द दिसले, की ती राशी छेदात जाते.

आता हे गणित पाहा: १८० मीटर लांबीची गाडी ताशी ५४ किमी वेगाने ३०० मीटरचा पूल किती वेळात ओलांडेल? लांबी मीटरमध्ये आहे, वेग किलोमीटरमध्ये. आधी वेग बदलून घ्या:

५४ किमी/तास = ५४ × १००० मी ÷ ३६०० से = १५ मी/से

१००० ÷ ३६०० म्हणजेच ५/१८. हा अपूर्णांक नुसता पाठ केला, तर परीक्षेत तो हमखास १८/५ होतो. एक खूण लक्षात ठेवा: मी/सेमधला आकडा किमी/तासातल्या आकड्यापेक्षा नेहमी लहान येतो. पूल पूर्ण ओलांडायचा तर गाडीचा शेवटचा डबाही बाहेर पडायला हवा, म्हणून अंतर १८० + ३०० = ४८० मी. वेळ ४८० ÷ १५ = ३२ सेकंद. गाडीची लांबी मिळवायची राहिली, तर २० सेकंद असं चुकीचं उत्तर येतं.

किलो, हेक्टो, डेका, मूळ एकक, डेसी, सेंटी, मिली हा क्रम तोंडपाठ हवाच. प्रत्येक पायरीला १० पट. मोठ्या एककातून लहान एककात जाताना गुणा, उलट जाताना भागा. पण हे लांबी, वजन आणि लीटरपुरतं. क्षेत्रफळात १ चौमी = १०० × १०० = १०,००० चौसेमी, आणि घनफळात १ घमी = १०,००,००० घसेमी = १००० लीटर. इथे भलेभले १०० वरच थांबतात.

टाकी १.५ मी लांब, ८० सेंमी रुंद, १ मी उंच आहे आणि नळ मिनिटाला ८ लीटर पाणी सोडतो. १.५ × ८० × १ = १२० असा गुणाकार करून चालणार नाही, कारण त्या १२० ला धड एककच नाही. ८० सेंमीचे ०.८ मी करा: १.५ × ०.८ × १ = १.२ घमी = १२०० लीटर. १२०० लीटर ÷ ८ लीटर/मिनिट = १५० मिनिटं; लीटरला लीटर गेला, उरली मिनिटं. हेच २.५ तास, म्हणजे २ तास ३० मिनिटं. २ तास ५० मिनिटं नव्हेत, कारण तासाचे भाग १०० नसून ६० असतात.

सरासरी वेग काढताना वेगांची सरासरी घेऊ नका. १२० किमी जाताना ताशी ६०, येताना ताशी ४०: वेळ २ + ३ = ५ तास, अंतर २४० किमी, सरासरी ताशी ४८ किमी. ५० येत नाही, कारण कमी वेगाच्या प्रवासात गाडी एक तास जास्त असते.