मोबाईल चित्रीकरणात आवाज हळूहळू मागे पडत होता: माझा अनुभव
आईच्या रोजच्या दिवसावरील माहितीपटासाठी मी मोबाईलवर चित्रण आणि वेगळ्या रेकॉर्डरवर ध्वनिमुद्रण करतो. संकलन करताना चित्र आणि आवाज जुळवण्यासाठी सुरुवातीला वाजवलेली टाळी नेमकी जुळत असे, पण २० मिनिटांनंतर भाकरी थापल्याचा आवाज आईने हात उचलल्यावर येई. आवाज तुकड्यातुकड्यांनी सरकवून पाहिला, रेकॉर्डरही बदलला. जीव अगदी मेटाकुटीला आला. मूळ कारण मोबाईलचा बदलता फ्रेमरेट (दर सेकंदाला टिपल्या जाणाऱ्या चित्रचौकटींची संख्या) हे होते. प्रथम मूळ फाइलची प्रत ठेवली. मग ती हँडब्रेक या व्हिडिओ रूपांतरित करणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये उघडून व्हिडिओ विभागात फ्रेमरेट चित्रणाइतकाच, म्हणजे ३०, आणि ‘कॉन्स्टंट’ (स्थिर) निवडला, ऑडिओ विभागात सॅम्पलरेट (दर सेकंदाला घेतले जाणारे आवाजाचे नमुने) ४८ किलोहर्ट्झ ठेवला, आणि रूपांतरित फाइल संकलनाच्या सॉफ्टवेअरमध्ये ३० फ्रेमच्या नव्या टाइमलाइनवर (चित्र-आवाजाचे तुकडे क्रमाने मांडण्याच्या पट्टीवर) घेऊन टाळी पुन्हा जुळवली. टाइमलाइन नवीच घ्यावी, कारण जुनीवर आधी सरकवलेले तुकडे तसेच राहतात. आता ४० मिनिटांच्या सलग दृश्यातही थाप हाताबरोबरच ऐकू येते.