इंद्रायणी तांदळाची तेमारी सुशी, घरच्या घरी

सुशी म्हटलं की आपल्याकडे आधी कच्चा मासा डोळ्यांसमोर येतो. पण सुशी ठरते भातावरून. व्हिनेगर, साखर आणि मीठ लावलेला भात असला की सुशी झाली, मग वर कोळंबी असो की काकडी. तेमारी हा तिचा गोल प्रकार: छोट्या लिंबाएवढा भाताचा गोळा आणि त्यावर घट्ट बसलेला पातळ काप. जपानमध्ये 3 मार्चच्या हिनामात्सुरीला, म्हणजे मुलींच्या सणाला, तो आवर्जून करतात. बांबूची चटई लागत नाही, गुंडाळी सुटण्याची भीती नाही, म्हणून सुरुवात इथूनच करावी.

जपानी तांदूळ ठाण्यात, वाशीत मोठ्या सुपरमार्केटमध्ये मिळतो, पण महाग पडतो. कोपऱ्यावरच्या वाण्याकडचा इंद्रायणी हे काम चांगलं करतो. वडगाव मावळच्या भात संशोधन केंद्रातून आलेलं हे वाण आंबेमोहोराच्या कुळातलं, शिजल्यावर चिकटणारं. त्याचा वास थोडा मागे राहतो, व्हिनेगर लावल्यावर तो खटकत नाही. बासमती किंवा कोलम घेऊ नका. त्यांच्यात अमायलोज (न चिकटणारा स्टार्च) जास्त असतं, त्यामुळे दाणे सुटे राहतात आणि गोळा हातातच फुटतो. आंबेमोहोर चिकटतो खरा, पण त्याचा दाणा लवकर मोडतो आणि भाताचा लगदा होतो. तुकडा तांदूळ तर अजिबात नको.

सुमारे 30 गोळ्यांसाठी 300 ग्रॅम तांदूळ घ्या. हलक्या हाताने तीन-चार पाण्यांत धुवा. शेवटचं पाणी जवळजवळ नितळ दिसलं पाहिजे, कारण वरची पिठी राहिली तर भात खळीसारखा होतो. अर्धा तास भिजवून चाळणीत दहा मिनिटं निथळा.

पाण्याचं माप तांदळाच्या वयावर जातं. दिवाळीनंतर बाजारात येणाऱ्या नव्या इंद्रायणीला 420 ते 440 मिली पुरतं. वर्षभर जुना असेल तर 480 ते 500 मिली लागतं. जपानी तांदूळ असेल तर 350 ते 380 मिली. जाड बुडाच्या पातेल्यात घट्ट झाकण ठेवून मोठ्या आचेवर उकळी आणा, मग आच एकदम बारीक करून 12 मिनिटं ठेवा. गॅस बंद केल्यावर 15 मिनिटं झाकण उघडू नका. या वेळात वाफ दाण्याच्या गाभ्यापर्यंत जाते. एक दाणा चिमटीत दाबून बघा: आत पांढरा ठिपका दिसला तर भात कच्चा आहे. दोन चमचे गरम पाणी शिंपडून झाकण लावा आणि पाच मिनिटं अगदी बारीक आचेवर ठेवा. कुकरमध्ये भात जास्त मऊ होतो, म्हणून पातेलंच बरं.

भात मुरतोय तोवर 60 मिली राइस व्हिनेगर, 2 मोठे चमचे साखर आणि 1 छोटा चमचा मीठ एकत्र करून साखर विरघळेपर्यंत कोमट करा. उकळलं तर आंबटपणा वाफेबरोबर उडून जातो. बाटलीवर सुशी व्हिनेगर लिहिलेलं असेल तर साखर-मीठ आधीच घातलेलं असतं, वरून घालू नका. साधं पांढरं व्हिनेगर घशाला लागतं. नाइलाज असेल तर 40 मिली घेऊन त्यात 20 मिली पाणी मिसळा.

यापुढचं काम सगळ्यात महत्त्वाचं. जपानी घरात यासाठी लाकडी पसरट भांडं असतं. आपल्याकडची काठवट नेमकी तशीच उपयोगी पडते, कारण लाकूड जास्तीची ओल शोषून घेतं. ती आधी पाण्याने ओली करून पुसा, नाहीतर व्हिनेगरही तीच पिऊन टाकेल. काठवट नसेल तर स्टीलची परात चालेल. ॲल्युमिनियम आणि बिनकल्हईचं पितळ नको, आंबटाने ते कळकतं. भात कडकडीत गरम असतानाच ओता, व्हिनेगर सगळीकडे शिंपडा आणि भातवाढी उभी धरून काप दिल्यासारखा भात मोकळा करा. उकडीसारखा मळू नका, दाणे मोडले की चिकटा होतो. सोबत पुठ्ठ्याने वारा घाला, दाण्यांवर चकाकी येते. छताच्या पंख्याखाली भात उघडा ठेवला तर वरचा थर मात्र टणक होतो. अंगाइतका कोमट झाला की ओल्या मलमलीने झाका. फ्रिजमध्ये ठेवू नका, गारव्याने दाणा कडक होतो.

वरच्या कापांत कच्चा मासा नको, यात तडजोड करू नका. नवी मुंबईतल्या दिवाळे कोळीवाड्यातली मासळी कितीही ताजी असली तरी ती शिजवून खाण्यासाठीच असते. कच्च्या माशातले परजीवी मारायला तो उणे 20 अंशांवर 7 दिवस गोठवावा लागतो आणि घरच्या फ्रीजरवर तेवढा भरवसा ठेवता येत नाही. मध्यम कोळंबी उत्तम. सोलून, काळा दोरा काढून, पोटाच्या बाजूने टूथपिक खुपसा म्हणजे ती वळत नाही. मिठाच्या उकळत्या पाण्यात दीड-दोन मिनिटं, लगेच बर्फाच्या पाण्यात. मग पोटाकडून चीर देऊन पुस्तकासारखी उघडा आणि नीट पुसा. शाकाहारींसाठी सालकाढणीने काढलेले काकडीचे लांब पापुद्रे: मीठ लावून दहा मिनिटांनी पिळा. वाफवलेलं गाजर, पिकलेला अव्होकॅडो, अंडं चालत असेल तर पातळ ऑम्लेटचे तुकडे. कुठलाही काप दोन-तीन मिलिमीटरपेक्षा जाड झाला की गोळ्यावर बसत नाही.

15 सेंटीमीटरचा क्लिंग फिल्मचा चौकोन घ्या. काप त्यावर उपडा ठेवा, म्हणजे दिसणारी बाजू खाली. हवा असल्यास वासाबीचा (झणझणीत हिरव्या जपानी चटणीचा) ठिपका लावा. वर 20 ग्रॅम भाताचा सैलसर गोळा ठेवा, चारी टोकं वर घेऊन पीळ द्या आणि तळव्यात फिरवा. फार आवळला तर गोळा दगड होतो, सैल राहिला तर सोया सॉसमध्ये विरतो. हाताला लावायच्या पाण्यात थोडं व्हिनेगर घाला आणि हात झटका, कारण ओलसर हातांनीच बहुतेक गोळे बिघडतात.

गोळे वाढेपर्यंत फिल्म काढू नका. सोया सॉस जपानी, नैसर्गिकरीत्या आंबवलेला घ्या. चायनीजसाठीचा डार्क सॉस चव झाकतो. बुडवताना कापाची बाजू बुडवा. नोरीची, म्हणजे वाळवलेल्या समुद्री शेवाळाची, पट्टी लावायची तर अगदी शेवटी लावा. पावसाळ्यात ती पाकीट उघडल्यावर काही मिनिटांत लोळते. गॅसवर दोन सेकंद फिरवली की पुन्हा कुरकुरीत होते.

इथल्या दमट उकाड्यात गोळे दोन तासांत संपवा. शिजलेल्या भातात बॅसिलस सीरियस हा जिवाणू वाढतो, व्हिनेगर त्याला आवरतं पण पूर्ण थांबवत नाही, आणि कोळंबी तर त्याआधीच बिघडू शकते. म्हणून चार माणसांसाठी एका वेळी 300 ग्रॅमपेक्षा जास्त तांदूळ लावू नका.