शेकडेवारीची शाब्दिक उदाहरणे : वेगवेगळ्या ठिकाणचे टक्के एकत्र करताना या चुका टाळा

स्पर्धा परीक्षेच्या पेपरात माल दोन-तीन ठिकाणांहून येतो, प्रत्येक ठिकाणचे टक्के वेगळे असतात आणि एकूण टक्के विचारलेले असतात. आकडेमोड सोपी असते, तरी उत्तर चुकते, कारण ‘कशाचे टक्के?’ हा प्रश्न विचारायचा राहून जातो. प्रत्येक टक्क्याच्या मागे एक पाया असतो. दोन टक्क्यांचे पाये वेगळे असतील, तर त्यांची थेट बेरीज होत नाही आणि थेट सरासरीही निघत नाही.

एक उदाहरण घेऊ. व्यापाऱ्याने ५० टक्के कांदा निफाडचा, ३० टक्के येवल्याचा आणि २० टक्के चांदवडचा घेतला. चाळीत निफाडचा ४ टक्के, येवल्याचा ५ टक्के आणि चांदवडचा १० टक्के कांदा सडला. एकूण किती टक्के सडला?

पहिली चूक म्हणजे ४ + ५ + १० = १९ असे उत्तर देणे. दुसरी, जास्त फसवी चूक म्हणजे १९ ला ३ ने भागून ६.३३ लिहिणे. ही सरासरी तिन्ही ठिकाणचा माल सारखा असता तरच बरोबर ठरली असती. इथे अर्धा माल निफाडचा आहे, म्हणून उत्तर ४ कडे ओढले गेले पाहिजे.

एकूण माल १,००० किलो माना. १०० मानले तरी चालते, पण मग येवल्याचा सडका माल दीड किलो येतो आणि घाईत दशांश चिन्ह सरकते. निफाड ५०० किलो, सडला २०. येवला ३००, सडला १५. चांदवड २००, सडला २०. एकूण ५५ किलो, म्हणजे ५.५ टक्के. पडताळा असा : उत्तर सर्वांत लहान आणि सर्वांत मोठ्या टक्क्याच्या मध्येच असले पाहिजे, म्हणजे इथे ४ आणि १० च्या मध्ये. १९ हे उत्तर या चाळणीत लगेच गळते. ६.३३ मात्र गळत नाही, म्हणून केवळ या पडताळ्यावर विसंबू नका.

आता याच उदाहरणाचा उलटा प्रश्न : सडलेल्या कांद्यापैकी किती टक्के चांदवडचा? इथे तीन आकडे एकमेकांत मिसळतात. चांदवडच्या कांद्यातला १० टक्के सडला. एकूण कांद्यातला २ टक्के भाग चांदवडचा सडका आहे. आणि सडक्या ढिगाऱ्यात चांदवडचा वाटा २०/५५, म्हणजे सुमारे ३६.३६ टक्के आहे. पहिल्यात पाया २०० किलो, दुसऱ्यात १,००० आणि तिसऱ्यात ५५. पर्यायांत हे तिन्ही आकडे सापडू शकतात, म्हणून ‘पैकी’ या शब्दाखाली रेघ मारा. ‘पैकी’च्या आधी जे आहे तोच पाया. याच हिशोबात निफाडचा वाटाही २०/५५ येतो. सडण्याचे प्रमाण सर्वांत कमी असूनही सडक्या ढिगाऱ्यात निफाड आणि चांदवड बरोबरीने आहेत, कारण निफाडचा मालच जास्त होता.

‘उरलेल्यापैकी’ हा शब्द आणखी घात करतो. ४० टक्के निफाडचा, उरलेल्यापैकी ५० टक्के येवल्याचा, बाकी चांदवडचा असे दिले, की अनेक जण वाटे ४०, ५०, १० मांडतात. बेरीज १०० भरते, त्यामुळे चूक लक्षातच येत नाही. खरे वाटे ४०, ३०, ३० आहेत, कारण उरलेल्या ६० चे ५० टक्के ३० होतात. सडण्याचे टक्के वरचेच ठेवले तर बरोबर उत्तर ६.१ येते, चुकीच्या मांडणीने ५.१.

किलो दिले असतील तर पाया उलटा काढावा लागतो. पहिल्याच उदाहरणात ‘चांगला कांदा १,८९० किलो उरला, एकूण किती होता?’ असे विचारले, तर १,८९० चे ५.५ टक्के काढून मिळवू नका. तसे केल्यास १,९९३.९५ असे विचित्र उत्तर येते. १,८९० हे एकूण मालाचे ९४.५ टक्के आहेत. १,८९० × १०० ÷ ९४.५ = २,००० किलो.

दुधाच्या उदाहरणांत चूक दुसऱ्या बाजूने होते. गाईचे दूध ३.५ फॅटचे, म्हशीचे ६.५ चे आणि मिश्रण ४.५ चे हवे. फरक काढले : ६.५ − ४.५ = २ आणि ४.५ − ३.५ = १. हे फरक तिरके लिहायचे असतात. म्हशीच्या फॅटमधून आलेला २ गाईच्या वाट्याला जातो, म्हणून गाय २ : म्हैस १. सरळ लिहिले तर गुणोत्तर उलटे होते. पडताळा करा : २ लिटर गाईचे आणि १ लिटर म्हशीचे, फॅट ७ + ६.५ = १३.५, भागिले ३ = ४.५. प्रत्यक्षात फॅट वजनावर मोजतात, पण पेपरात लिटर दिले असतील तर लिटरच धरा.

एका शाळेचा निकाल ६० टक्के, दुसरीचा ९० टक्के आणि विद्यार्थिसंख्या दिलेलीच नाही, अशा वेळी ७५ लिहू नका. ‘माहिती अपुरी आहे’ हा पर्याय शोधा. एकत्रित निकाल ६६ टक्के असे दिले असेल, तर मात्र दुधाच्याच रीतीने संख्यांचे गुणोत्तर निघते : २४ : ६, म्हणजे ४ : १.

मधल्या पायरीत दशांश करू नका. सडक्या कांद्याचे वाटे ४/११, ३/११, ४/११ असेच ठेवा. दोन दशांश स्थळांपर्यंत लिहिले तर ३६.३६ + २७.२७ + ३६.३६ = ९९.९९ होतात आणि पुढच्या प्रश्नात तो ०.०१ शोधत बसावे लागते.